वहीत नसलेला रंग

फैजपुरात आमच्या बोळाला अजून रंगारी बोळ म्हणतात.
रंगवत मात्र कोणी नाही.
माझा बाप सुपडू शेवटचा. कोपरापर्यंत निळा.
त्याने थापलेल्या कळण्याच्या भाकरीवर
बोटांचे निळे ठसे उमटायचे,
आम्ही भावंडं आधी ते ठसे खायचो.

अंगणात चार रांजण.
तीन साधे: नीळ, आल,
आणि लोखंडाच्या किटात गूळ आंबवून केलेला काळा.
चौथ्यावर फरशी, फरशीवर पाटा.
त्यातलं मूळ पालच्या जंगलातून यायचं.
एक पावरा म्हातारा आणायचा, पैशाला शिवायचा नाही,
पायलीभर मीठ घ्यायचा
आणि दारातून वळून म्हणायचा, जपून, सुपडूभाऊ.

ज्याचं त्याने कोरं कापड नऊ दिवस अंगाला लावायचं,
दहाव्या दिवशी ते चौथ्या रांजणात.
बाप म्हणे, घामाले खोटं बोलता येत नही.

मग वही.
चावदस मापाडी: काळ्या पडलेल्या केळीच्या सालीसारखा.
दशरथ मास्तर: पाणी घातलेलं ताक. पाप नाही, हिंमतही नाही.
फौजदार: रंग धरला नाही. तीनदा बुडवलं.
वाण्याची मुकी सून: जांभळा. दोन दिवस पाहवेना.

कौतिकशेठच्या घरची पोत गेली
तेव्हा गोदी भोईणीवर आळ आला.
नऊ दिवस थांबायची गरजच नव्हती,
तिच्याजवळ लुगडं एकच, धुऊन धुऊन पांढरं पडलेलं.
पंच त्याचाच पदर फाडून घेऊन आले.
रांजणातून वर आला तो कापणीला आलेल्या गव्हाच्या रंगाचा.
पंच हिरमुसले. एक म्हणाला, रंग जुना झाला असेल.
त्या आठवड्यात मात्र फैजपुरात
कोणीच बाहेर दोरीवर कपडे वाळत घातले नाहीत.

वीस वर्षांनी, भट्टीवर फुटाणे हलवता हलवता
गोदीनेच मला सांगितलं: पोत मीच उचलेली व्हती, बाई.
आणि चाळणी झाडून पुढचा घाणा टाकला.
मी तशीच घरी आले, बापाला सांगितलं.
तो म्हणाला, मले ठाऊक व्हतं.
रंगानं चोरी कुठं इचारली व्हती?

पुढे बापाची नजर गेली.
सुरतेला गेलेल्या ओंकारचं पत्र येईना
आणि बाप रोज विचारी.
मी विजेचं बिल उलगडायचे आणि वाचायचे:
तीर्थरूप दादांस, इकडे सर्व खुशाल,
मिलमध्ये बढती मिळाली, आखाजीला येतो.
एकदा चुकून थकबाकीचा आकडाही वाचला.
बाप म्हणाला, एवढा पगार?
आखाजी आली, गेली. मी वाचत राहिले.
शेवटी शेवटी तर त्या बिलावर
मला ओंकारचं अक्षर दिसायला लागलं होतं.

बाप गेला. दहाव्यानंतर मी पाटा उचलला, फरशी सरकवली,
त्या उन्हाळाभर कमरेला खोचलेला माझा पंचा
आत सोडला.

ओला होता तेव्हा वाटला कुंकवाच्या पाण्यासारखा.
वाळला तेव्हा तापीच्या गढूळ पुरासारखा.
रात्री चाळीसच्या बल्बखाली धरला, तर तिसराच.
वही तीनदा चाळली. नाही.
पावऱ्या म्हाताऱ्याला विचारावं,
तर त्याचं मीठ दोन वर्षं कोनाड्यात तसंच पाझरतंय.

रांजण पालथा केला.
मोरीतून जाताना त्या पाण्याला कुठलाच रंग नव्हता.

आता तो पंचा मी गच्चीवर पापडांवर झाकते.
ऊन चढलं की शेजारची इंदू खालून ओरडते,
कुठल्या दुकानातला गं हा रंग?
मलेही दोन वार आणजो.